न दिलेला टॅग

रविवारी संध्याकाळी सव्वासातला किहीमच्या मैदानावर रतनशेठने माईक हातात घेतला आणि किनारा रेसलिंगचा जोडी पट्टा रिकामा झाल्याचं जाहीर केलं. जोडी पट्टा म्हणजे दोघांनी मिळून लढायचं विजेतेपद. त्यामुळे पट्टेही दोन. टेबलावर मात्र एकच होता, अरमानचा. दुसरा पालीपासून थोडं आत, गणराजच्या घरी होता आणि तो आणायला कोणी गेलं नव्हतं.

"गद्दार, गद्दार," असा गलका सुरू झाला. अरमान पडद्यामागे उभा होता. जानेवारीपासून तो गलका त्याच्यासाठीच होता आणि पहिले काही आठवडे त्याला तो आवडलाही होता. खलनायकाला शिव्या पडल्या म्हणजे काम बरोबर चाललंय, असं हा धंदा मानतो.

पट्ट्याचा इतिहास फार जुना नाही. अलिबागला मांडव-खुर्च्या भाड्याने देणाऱ्या रतनशेठने सहा वर्षांपूर्वी हिवाळ्यातल्या पर्यटकांसाठी टीव्हीवरच्यासारख्या, निकाल आधी ठरलेल्या कुस्त्यांची रिंग उभी केली आणि दुसऱ्याच वर्षी हे दोन पट्टे करून घेतले. पहिली जोडी पेणच्या एकाच जिममधली, ओंकार आणि निकेत. ओंकारच्या गुडघ्याने दगा दिला आणि तो रेफरी झाला. पट्टा पियूष आणि आमिरकडे गेला. मग आमिरला कुवेतचा व्हिसा आला आणि तो पट्टा सामानात घेऊनच विमानतळावर पोहोचला. त्याच्या भावाने तो परत आणला, पुढच्या आठवड्यात आमिर मैदान सोडून पळाल्याची गोष्ट रचली गेली आणि लोकांनी ती मानली. असंच चालत आलं होतं. कोणाला नोकरी लागायची, कोणाचं लग्न ठरायचं, पट्टा सुटायचा आणि रतनशेठ मागून त्याला कथानक जोडायचा.

अरमान आणि गणराजच्या बाबतीत पहिल्यांदाच कथानक आधी लिहिलं गेलं.

अरमान रेवदंड्याचा. वडील हमीद मस्कतहून कायमचे परतले होते आणि बाप-लेक मिळून मासेमारीच्या होड्यांना बर्फ पुरवायचे. गणराज भातशेतीच्या घरातला, रोह्याच्या एका कंपनीत कंत्राटी कामगार. दोघांची जोडी अडीच वर्षं अजिंक्य होती, इतकी कोणाचीच टिकली नव्हती. जोडीच्या कुस्तीत एक आत लढतो, दुसरा दोरीबाहेर हात पुढे करून उभा राहतो. आतल्याने त्या हाताला हात लावला की बाहेरचा आत येतो. तोच टॅग. लोक त्या क्षणाची वाट बघतात. पण त्या स्पर्शात आणखी एक गोष्ट असते, जी लोकांना ठाऊक नसते. टॅग देताना दोनदा हात दाबला तर त्याचा अर्थ, मला खरंच लागलंय, आवर.

जोडी फोडायची कल्पना गणराजची होती. "अडीच वर्षं हात देतोयस," तो अरमानला म्हणाला होता. "एकदा नको देऊ. बघ पब्लिक कसं पेटतं."

"तुझ्या गावात मला दगड मारतील."

"मारू देत. म्हणजे काम जमलं."

ठरलं ते असं. गणराज मार खाऊन सरपटत कोपऱ्यापर्यंत येईल, हात पुढे करेल आणि अरमान हात मागे घेऊन पाठ फिरवून निघून जाईल. पियूष आणि निकेत जिंकतील. दोघांनी ते पुन्हा पुन्हा घोकलं. ज्या कुस्तीत हाताला हात लागणारच नव्हता तिथे हात दाबायचा कसा, हे मात्र दोघांपैकी एकालाही सुचलं नाही.

जानेवारीतल्या त्या संध्याकाळी गणराज मानेवर पडला. मग ठरल्याप्रमाणे सरपटत आला. हात पुढे केला. अरमानला आठवतं, तो नेहमीपेक्षा हळू येत होता, आणि अरमानच्या मनात आलं होतं की आज गणा काय झकास करतोय. त्याने हात मागे घेतला. लोक उठून ओरडले. तो पाठ फिरवून चालत गेला, पडद्याआड पोहोचला, पाण्याची बाटली उघडली. तोपर्यंत ओंकारने डोक्यावर हातांची फुली करून, म्हणजे खरी दुखापत झाल्याची खूण करून, कुस्ती थांबवली होती. चीतपट झालीच नाही, म्हणून नियमाने पट्टे त्याच जोडीकडे राहिले.

मणक्याला मार होता. पेणच्या दवाखान्यात गणराज आठ दिवस होता आणि अरमान तिथे गेला नाही. धंद्याची रीतच तशी. ज्याला दगा दिला त्याच्या उशाशी खलनायक दिसला आणि कोणी फोटो काढला, तर केलेलं सगळं पाण्यात. शिवाय गणराजनेच फोन केला होता. आवाज बारीक होता, पण हसत होता.

"येऊ नको. महिन्याभरात उठतो. तोवर तापवत ठेव. व्हिडिओ टाक. म्हण, भाताचा भारा तरी उचलवेल का तुला आता. आमच्याकडं हेच झोंबतं. आणि ऐक, घरात मी कुणाला काही सांगितलेलं नाही. तुझ्याही नको."

अरमानने व्हिडिओ टाकला, आणि एकावर न थांबता आणखी दोन. भाताच्या भाऱ्याचं वाक्य किनाऱ्यावर पोराटोरांच्या तोंडी झालं. महिना गेला, गणराज उठला नाही. मग त्याचे फोन कमी झाले. मग बंद.

"इयादतीला जायला कोणाची परवानगी लागते रे?" हमीद एकदा बर्फ फोडता फोडता म्हणाले. "आजारी माणसाला बघून यायचं, दुआ करायची. त्याला शेठ कशाला विचारायचा?"

"अब्बा, तुम्हाला नाही कळायचं. धंद्याचं असतं."

"मला नाही कळत, बरोबर. बावीस वर्षं परदेशात होतो. पण तिथे माझा पार्टनर पडला तर मी धावत जायचो. तो नकली पडला असता तरी गेलो असतो."

आता रविवारच्या घोषणेनंतर रतनशेठने अरमानच्या खांद्यावर हात टाकला. "पुढच्या रविवारी नवीन जोडी काढू. तू दुसरा पट्टा घेऊन ये, समज्यो ने? कुरिअर नको. तूच जा. कोणी बघितलं तरी चालेल, कथा संपली आता."

कथा संपली आता, हे शेठने सहज म्हटलं. अरमानला रात्रभर तेच ऐकू येत राहिलं.

मंगळवारी सकाळी तो मोटरसायकलने गणराजच्या घरी पोहोचला. गणराजची आई जनी अंगणात वाल पाखडत बसली होती. हिच्या हातची भाकरी त्याने कितीदा खाल्ली होती.

"आलास," ती म्हणाली. सूप थांबलं नाही. "पट्टा न्यायला आलास आसशील."

"पट्टा नको, काकी. गणाला भेटायचंय."

"भेटून काय करशील? आनखी येक व्हिडिओ काढशील?"

अरमान पायरीखाली उन्हात उभा राहिला. बस असं कोणी म्हटलं नव्हतं. मग जे या धंद्यात कोणी कधी कोणाच्या घरी सांगत नाही ते त्याने सांगितलं. कोण जिंकणार ते आधी ठरतं. हात मागे घ्यायचा हे दोघांनी मिळून ठरवलं होतं. गणाला खरंच लागलंय हे त्याला कळलं नाही.

सूप थांबलं.

"मंग मान बी ठरवूनच मोडली का?"

"नाही, काकी."

"आन दवाखान्यात न्हाय आलास त्ये? त्ये बी ठरलं व्हतं?"

"हो."

"बरं हाय तुमचं." तिने सूप बाजूला ठेवलं. "मी रोज दाराकडं बघत व्हते. म्हनलं, येईल. रेवदंड्यावरून यायला येळ लागतो, येईल." तिने पदराला हात पुसले. "आन भाताचा भारा? त्ये तुला कोनी शिकवलं? बर्फवाल्याला काय ठावं भाताचं?"

"ते गणानेच सांगितलं होतं. फोनवर."

"माज्या लेकानं? सोतालाच?"

"हो, काकी. आईशप्पथ."

"कोनाच्या आईची?"

जनीने आत हाक मारली. "गना, भायेर ये."

गणराज आला. गळ्याला मान धरून ठेवणारी जाड पट्टी, चालणं भिंतीच्या आधाराने. मागे त्याची धाकटी बहीण प्रणाली, हात न लावता पण हात लावता येईल इतक्या जवळ. खांदे उतरले होते. त्याने अरमानकडे पाहिलं. रिंगमध्ये जाण्याआधी दोघं असंच एकमेकांकडे पाहायचे आणि अरमानला त्यातून सगळं समजायचं. आज काही समजलं नाही.

"ह्यो म्हनतो," जनी म्हणाली, "त्ये भाताचं वाक्य तुजंच. तूच सांगितलंस ह्याला. व्हय का?"

गणराजने अरमानवरची नजर काढून सुपाकडे नेली.

"न्हाय," तो म्हणाला. "मी कशाला सांगेन?"

"गणा," अरमान म्हणाला.

"ऊन वाढायच्या आत निघ," गणराज म्हणाला आणि वळला. मान वळत नव्हती, म्हणून त्याला सगळं अंगच वळवावं लागलं.

प्रणाली मोटरसायकलपर्यंत आली. "अरमानदादा, तो ती मॅच बघत असतो. हात पुढं करतो ना, तिथं थांबवतो. परत मागं नेतो."

"काही बोलतो?"

"न्हाय."

"तुझ्या आईला खरं सांगेल का तो?"

"खरं काय ते मला तरी कुठं माहीत आहे," ती म्हणाली. त्यात टोमणा नव्हता.

नागोठण्यापर्यंत अरमान एकच हिशेब मांडत होता. गणराज या कामात सगळ्यांत कडक. घरात कळता कामा नये, हे त्याचंच. कदाचित त्याने आईसमोरही कामच निभावलं असेल. कदाचित पडून राहण्याच्या महिन्यांत त्यालाच ते वाक्य दुसऱ्याचं वाटू लागलं असेल. किंवा आपण ते कोणाला सांगितलं होतं याची लाज वाटली असेल. दवाखान्यात एकदा गेलो असतो तर हे ओळखता आलं असतं, असं अरमानला वाटलं. आता तो हक्क राहिला नव्हता.

गुरुवारी संध्याकाळी गणराजच्या खात्यावर व्हिडिओ आला. गळ्याला पट्टी नाही. खांद्यावर विजेतेपदाचा पट्टा. "रतनशेठ, हा रिकामा नाही," तो कॅमेऱ्यात बघून म्हणतो. "अरमान, रविवारी किहीमला तू असशील. मी पण आहे."

दहा मिनिटांत रतनशेठचा फोन. "फर्स्टक्लास, भाई. मला न विचारता जमवलं तुम्ही दोघांनी?"

"मी नाही जमवलं, शेठ."

"माझ्याशी पण नाटक?"

"शेठ, त्याची मान बरी नाही. त्याला रिंगमध्ये घेऊ नका."

"तो येतो म्हणतो, मी नाही कसा म्हणू? डॉक्टरचा कागद आणू दे, मग बघू. पोस्टर टाकलंय."

हमीदनी व्हिडिओ दोनदा पाहिला. "हा बोलावतोय का धमकावतोय?" त्यांनी विचारलं. अरमानने गणराजला फोन लावला, वाजत राहिला. प्रणालीला लावला. ती म्हणाली, दादा सकाळी एकटाच पालीला गेला होता, काही बोलला नाही, आई त्याच्याशी बोलत नाही. पट्टी? रात्री परत लावली.

शुक्रवारी रतनशेठने खुर्च्या वाढवल्या. अरमान शनिवारी सकाळी पुन्हा निघाला होता. पण पाली फाट्यावर थांबला, जनीच्या दारात आता काय सांगायचं ते ठरेना, आणि परतला. शनिवारी दुपारपर्यंत डॉक्टरचा कागद किहीमला पोहोचला नव्हता, आणि आपण येणार नाही असंही गणराजने कोणाला कळवलं नव्हतं.