काळवाटेचा शेवटचा जुज

हे कोणाला पटायचं नाही. आणि पटलंच, तर त्या माणसाच्या अकलेचं काही खरं नाही, हे आधीच सांगून ठेवलेलं बरं.

एका बंदरात पुस्तकं बांधणारी एक बाई होती. सगळे तिला टाकेमावशी म्हणायचे, तिच्याहून वयानं मोठे असलेलेसुद्धा. तिचा टाका असा, की पुस्तक झिजेल, पानं विरतील, पण टाका आपला जागेवर हसत बसलेला.

"त्यात काय मोठंसं? माझाही बसतो," माझ्या पुढ्यात गोष्ट ऐकत, पडद्याची किनार दुमडत बसलेली शिंपीण म्हणाली. तिला बोलू द्यावं. ती प्रत्येक गोष्टीत एकदा तरी बोलतेच.

तर त्या बंदरात एक पवित्र ग्रंथ होता, काळवाट. दिवस कसा चढतो, कसा उतरतो आणि रात्री कुठला तारा धरून गलबत हाकायचं, हे सगळं त्यात. खलाशी त्यावर हात ठेवल्याशिवाय पाण्यात पाय घालायचे नाहीत. पहिल्या पानांत पहाट, मधल्यांत दुपार आणि शेवटच्यांत तारे. त्याची शिवण उसवली, की रिवाज ठरलेला: बांधणाऱ्याला ग्रंथासकट खोलीत घालायचं आणि बाहेरून कुलूप. शेवटचा टाका पडेपर्यंत दार उघडायचं नाही. सुटी पानं म्हणजे सुटा काळ. दारातून निसटला तर धरायचा कोणी?

एकदा ती अशीच उसवली आणि मावशीचा नंबर लागला. आणि त्याच दिवशी, पहिली चांदणी दिसली की, तिची एकुलती एक लेक खलाशी होऊन गलबतावरून निघायची होती. काही वर्षांसाठी. घरातून बाहेर पडताना दोघींची चांगलीच जुंपली होती, आणि मावशीच्या तोंडून निघून गेलं होतं, "गेलीस तर परत तोंड दाखवू नकोस."

हे शब्द तिला परत घ्यायचे होते. बस्स, तेवढंच. मिठी नको, रडारड नको.

'हात चालवला तर दुपारीच मोकळी होईन,' असं म्हणत तिनं खळीचं भांडं सरकवलं, दोऱ्याला मेण लावलं, दाभणानं भोकं पाडली आणि दुमडलेल्या पानांचे गठ्ठे, म्हणजे धंद्यातल्या भाषेत जुज, एकाला एक शिवायला घेतले. पहिला जुज बसला आणि समोरच्या भिंतीवर ऊन आलं. दुसरा बसला, ऊन खाली सरकलं. मधला बसतोय तोच डोक्यावर दुपार! मावशीनं सुई थांबवली. ऊनही थांबलं.

घाई करावी तर संध्याकाळच घाईनं येणार. शेवटचा जुज बसल्याशिवाय दार उघडणार नाही, आणि तो बसला की चांदणी निघणार, गलबत सुटणार.

"कुलूपकाका!" तिनं दारावर थाप मारली. बाहेर पहाऱ्याला बसलेल्या म्हाताऱ्याचं हेच नाव पडलं होतं. "धक्क्यावर जाऊन माझ्या पोरीला एवढा निरोप द्या हो!"

"मावशी, मी आणि हे दार एकाच बिजागरीवर आहोत. मला हलता येत नाही."

खोलीला एकच खिडकी. काच भिंतीतच चिणलेली; मुंगी सोडा, मुंगीचा विचारही आत यायचा नाही. पण खालचा धक्का स्वच्छ दिसायचा. लेक पेटी खांद्यावर घेऊन फळीवरून चढत होती. मावशीनं काच बडवली. उन्हाच्या तिरिपीत लेकीला काय दिसणार? कपाळ!

मग मावशीनं टाके उसवायला घेतले. ऊन भिंतीवर वर सरकलं. लेक पेटीसकट उलटी चालत फळीवरून उतरली.

"मावशी!" बाहेरून काका ओरडला. "मी प्यायलेला चहा परत कपात आलाय! आणि गरम आहे!"

"मग प्या ना पुन्हा. फुकटचा आहे."

ती पार पहिल्या जुजापर्यंत उसवत गेली. पुढे हात थबकला. भांडण त्याच्याही आधीचं होतं. ते कुठल्याच पानात शिवलेलं नव्हतं, उसवणार काय?

तेव्हापासून हाच खेळ. संध्याकाळ दिसू लागली की उसव, पहाट झाली की शिव. लेक तिच्या डोळ्यांसमोर राहिली, हेही काय थोडं झालं? काका तोच चहा पिऊन पिऊन चहावरच चिडला. "पोरीला धरून ठेवायच्या नादात सगळं बंदर कोंडलंत की हो!" तो म्हणाला.

"तुम्हाला काय होतंय? बसून तर आहात."

पण मग तिनं खाली पाहिलं. लेक तीच पेटी घेऊन फळीच्या मध्यावर उभी होती. एक हात कमरेवर. का दमलेय, ते तिला कळत नव्हतं. लहानपणी ताप आला की अशीच उभी राहायची, तक्रार न करता. कुलूप एकाच दाराला, पण कोंडलेल्या दोघी होत्या.

तिनं नवा दोरा ओवला. न थांबता, एकही टाका मागे न घेता शिवत गेली. ऊन विझलं. शेवटचा जुज बसला, काचेपलीकडे चांदणी उगवली आणि गलबताचा नांगर वर आला. कुलूपकाका धांदलीत उलटीच किल्ली घालून खडखडवत होता.

पण टाकेमावशी काय कच्च्या गुरूची चेली होती? तिनं दोरा कापलाच नाही! रीळ उचललं आणि दिलं खिडकीतून भिरकावून. ते बरोबर लेकीच्या ओंजळीत. आईचा मेणाचा दोरा तिनं वासावरूनच ओळखला, मनगटाला गुंडाळला आणि हसली. गलबत जातंय, रीळ सुटतंय, आणि अजूनही भर समुद्रात तारा चुकला, की ती तिकडून हळूच ओढते आणि मावशी इकडून...

शिंपिणीची सुई थांबली.

"अहो, काच तर भिंतीत चिणलेली होती ना? मग दोरा गेला कुठून?"