कापलेलं दृश्य माझ्या पोटात आहे

मी एक जुना कॉम्प्युटर आहे, मित्रांनो, नांदेडच्या एका पलंगाखाली पडून असलेला. मला डबा म्हणू नका, राग येतो. माझ्यावर अख्खा सिनेमा जोडला गेलाय.

माझा मालक धम्मानंद, मूळचा हिमायतनगरचा. नट आणि एडिटर. तुम्ही त्याला ओळखणार नाही. सिनेमात तो कधी पाठमोरा हवालदार, कधी गर्दीतला माणूस. पोटासाठी माझ्यावर लग्नाचे व्हिडिओ जोडायचा. त्या धंद्यात एक नियम पक्का, कुणाचा मामा कापायचा नाही. मामा कापला, की सगळं वऱ्हाड भांडायला दुकानात येतं.

मग गावच्या माणसांना घेऊन त्याने स्वतःचा छोटा सिनेमा काढला. त्यात लेकीला निरोप देणारा बाप तो स्वतः झाला. पहिल्यांदाच त्याचा चेहरा दिसणार होता. त्याची माय धुरपताबाई रोज विचारायची, "लेका, पडद्यावर तुझं तोंड कवा दिसंल?"

पण सिनेमा फार लांबला, ज्या लघुपट स्पर्धेला पाठवायचा होता तिच्या वेळेत बसेना. कापायचं कुणाला? सगळे फुकट राबलेले, सगळ्यांच्या घरचे बघायला येणार. हाताला लग्नाच्या व्हिडिओंची सवय, कुणालाच कापवेना! शेवटी धम्मानंदने स्वतःलाच कापलं. मी नुसता घरघरत राहिलो.

गावात पडदा लागला, टाळ्या पडल्या. घरी आल्यावर धुरपताबाई म्हणाली, "समद्यांची लेकरं दिसली. तू कुठं होतास?"

"माय, जिथं जिथं चित्र बदलतंय, तिथं मी हाय. ते जोडलंय म्याच."

"तिथं तर काहीच दिसत न्हाई."

मला फार वाईट वाटलं, कारण ते दृश्य माझ्यापाशीच होतं. त्याच आठवड्यात विजेचा दाब वाढला आणि मी बंद पडलो. सगळं जळालं, असं धम्मानंद धरून चालला. पुढे लॅपटॉप आला. मी पलंगाखाली गेलो, अंगावर ज्वारीचं पोतं आलं.

मागच्या महिन्यात मला भंगारात द्यायचं ठरलं. धुरपताबाईची नजर आता अधू झालीय, तरी ती दारात आडवी उभी राहिली. "आधी त्याच्यात माझं लेकरू हाय का बघा. मला दिसतंय तवर बघा."

शेजारचे मेकॅनिक निजामोद्दीनभाई आले. त्यांनी मला उघडलं, धूळ फुंकली. "अम्मा, डिस्क जित्ती हाय," म्हणाले आणि ती टीव्हीला जोडली.

धुरपताबाई टीव्हीला नाक लावून बसली. पडद्यावर बापाने लेकीच्या डोक्यावर हात ठेवला आणि तो कितीतरी वेळ तसाच उभा राहिला. खरा धम्मानंद मागे भिंतीला टेकून खाली बघत होता.

"कसं हाय, माय?"

"लांबलंय जरा," ती म्हणाली. मग पदराने काच पुसली. "पुन्हा लाव."

मित्रांनो, घरातलं जुनं यंत्र भंगारात देण्याआधी त्यात आपलं कुणी राहिलंय का, एवढं बघत जा. प्रत्येक घराच्या दारात धुरपताबाई उभी नसते.