रुखवतातली मावशी

जानकीच्या नाकावर माशी बसली होती आणि जानकी पापणी हलवायला तयार नव्हती. घाटकोपरच्या लग्नाच्या हॉलात करंज्यांचा बंगला आणि स्टीलचं पिंप यांच्या मधोमध, नऊवारी नेसून, मुंडावळ्या बांधून तिने स्वतःला रुखवतात मांडलं होतं. पिंपाला चिठ्ठी होती, ‘पिंप, एक नग’. जानकीच्या गळ्यात होती, ‘नवरी, एक नग’.

ती चिठ्ठी खुद्द नवरीने, सुलक्षणाने लिहिली होती. मालाडचे सीताराम परब, म्हणजे मुलाचे वडील, आदल्या दिवशी फ्रीजवर अडून बसले होते. फ्रीज नाही तर अक्षता नाहीत. सुलक्षणाची आई विमला बांगड्या मोडायला निघाली, तेव्हा पोरीने मावशीला, जानकीला गाठलं.

“मावशी, आज फ्रीज, उद्या स्कूटर. तू काहीतरी कर ना.”

मावशी आठवडाभर टायपिस्ट, रविवारी हुंड्याविरुद्ध रस्त्यावर. मालाडच्या बाजारात ती वाण्याच्या तराजूत बसली होती, दुसऱ्या पारड्यात हुंड्याची भांडी. कांजूरमार्गला ती जळालेली सून होऊन अशी निश्चल उभी राहिली, की कावळ्याने तिच्या अंबाड्यात दोन काटक्या खोचल्या. पोलिसांनी तिला उचललं तर ती वाकेना. चौघांनी तिला उभीच्या उभी चौकीपर्यंत नेलं आणि देवीची मिरवणूक समजून लोकांनी फुलं टाकली. खोटं वाटत असेल, तर कांजूरला जाऊन विचारा.

विमला बहिणीला ओळखून होती. हॉलात एक शब्द बोलायचा नाही, अक्षता पडेपर्यंत, अशी तिने गळ्याची शपथ घातली. जानकीने शपथ घेतली. बसण्याबद्दल विमला काही बोलली नव्हती.

सीतारामराव रुखवत पाहायला आले. त्यांनी पिंपावर टिचकी मारली, पिंप छान वाजलं. त्याच ओघात त्यांनी बाहुली समजून जानकीच्या डोक्यावरही टिचकी मारली, आणि बाहुलीने डोळे वळवून त्यांच्याकडे पाहिलं. ते मागे उडाले ते थेट चकल्यांच्या ताटात. बायका धावल्या. कुणी चिठ्ठी मोठ्याने वाचली, कुणी फिस्सकन हसली, मग हळूहळू कुणीच हसेना.

सीतारामराव ओरडले, ही बाई उचला इथून. पण उचलणार कोण? तेवढ्यात त्यांची आई, शेवंतीआजी, काठी टेकत पुढे आली. वाचता येत नव्हतं तिला. चिठ्ठीत काय आहे ते तिने विचारून घेतलं. मग पिंपाची चिठ्ठी काढून स्वतःच्या गळ्यात अडकवली आणि जानकीशेजारी मांडी घालून बसली.

“फ्रीज घराक इलो, तर मी हंयसरच रवतलंय.”

म्हातारी इथून उठणार नाही आणि सगळं मालाड आईला रुखवतात बसलेली पाहणार. सीतारामरावांनी कपाळ पुसलं. “राहू दे तो फ्रीज,” ते म्हणाले आणि चकलीचा चुरा झटकत मांडवाकडे गेले. विमला धावत सुटली, बायका धावल्या, भटजींनी घसा साफ केला, अंतरपाट धरला गेला. हॉलाच्या या टोकाला दोघीच उरल्या.

“माझ्या बापाशीन दोन बैल दिलेले,” म्हातारी समोर बघत म्हणाली. “त्या बैलांची नावां अजून घेतत घरात. माझा म्हायारचा नाव इचार बघ कोणाक.”

मंगलाष्टकं संपली. अक्षता उडाल्या.

“काय होतं ते नाव?” जानकीने विचारलं.

म्हातारीने सांगितलं. वाजंत्री जोरात सुरू झाली होती, म्हणून पुन्हा एकदा सांगितलं, जरा मोठ्याने.