समुद्रातली रोवणी

“पाण्यातच खेळाचं होतं, तं आपल्या तलावाले का काटे होते? एवढ्या दूर गेली कायले?”

पडद्यापलीकडे सुपातले खडे वेचता वेचता जमुनाबाई पुटपुटत होत्या. त्यांचं पुटपुटणं कुडवा गावाच्या चौकापर्यंत जायचं, तिथे पलंगावरच्या सुनेची काय कथा. पुष्पांजलीला बोलणं लागलं नाही. हाच प्रश्न ती स्वतःला आठ महिने विचारत होती, आणि उत्तर दरवेळी आधीपेक्षा वेडगळ निघत होतं.

झालं ते असं. दोन हजार चौदाच्या मे महिन्यात ती चेन्नईला भाच्याकडे गेली. समुद्रावर पोरं फळीवर उभी राहून लाटांवरून घसरत येत होती. “मावशी, शिकतेस का?” पीयूषने गमतीत विचारलं. मावशीने ते मनावर घेतलं. वय एकेचाळीस; पण आपण कोहळी समाजाच्या, वाडवडिलांनी तलाव बांधलेले, पाणी म्हणजे घरचंच, असा तिचा हिशेब. तलावाला लाटा नसतात, एवढी बारीक गोष्ट तिच्या ध्यानात आली नाही.

दीड तास ती फळीवर पालथी पडून, छाती उचलून, मान वर करून लाटेची वाट बघत होती. फोटोत ती थेट बांधावरच्या घोरपडीसारखी दिसत होती. एकदाही उभी राहिली नाही. मग कंबर दुखायला लागली, आणि इथे तिने ती चूक केली जी रोवणी केलेली बाईच करू जाणे. दिवसभर चिखलात वाकून धान रोवलं की बाया धुऱ्यावर, म्हणजे शेताच्या बांधावर येतात, कमरेवर हात ठेवतात आणि मागे वाकतात; कंबर मोकळी होते. पुष्पांजलीनेही फळीवरच कंबर आणखी मागे ताणली. एकदा नाही, तीनदा.

वाळूवर येऊन बसली तेव्हा पायांना मुंग्या आल्या होत्या. तासाभराने उठवेना.

डॉक्टरांनी विचारलं, पडलात का? नाही. आपटलात? नाही. फळीवर उभ्या तरी राहिलात? तेही नाही. या शेवटच्या उत्तराची तिला सर्वांत जास्त लाज वाटली. पाठ फार वेळ मागे ताणली गेली की क्वचित मज्जारज्जूचा रक्तपुरवठा तुटतो, असं त्यांनी समजावलं. होतं ते बहुतेक नवशिक्यांनाच. शाळेत कधी नंबर आला नव्हता. या दुखण्यात मात्र अख्ख्या गोंदिया जिल्ह्यात आपलाच पहिला असणार, असं तिने नवऱ्याला सांगितलं. पुनाराम हसला नाही.

कुडव्यात सगळ्यांना गाडीवरून पडली म्हणून सांगितलं. गाडीवरून पडलेल्याला मान असतो. जमुनाबाईंनी कवडूला बोलावलं. तो पायाळू, म्हणजे जन्मताना पाय आधी आलेले. अशाचा पाय लागला की भरलेली कंबर सुटते. कवडूने पाय धुतला आणि अदबीने तिच्या कमरेला तीनदा लावला. तो चहा प्यायला बसला तेव्हा पुष्पांजलीला कळलं, की उपचार झाला.

“पुढच्या रोवणीपर्यंत होते ठीक,” जो तो म्हणायचा. सर्वांत जास्त पुनाराम. तलावांच्या पाळी, म्हणजे मातीचे बांध, दुरुस्त करण्याची कामं तो घ्यायचा. मातीला किती उतार द्यायचा हे त्याच्या हाताला ठाऊक होतं. पण स्वतःच्या दारापुढच्या तीन पायऱ्यांवर तिची चाकांची खुर्ची जाईल एवढा उतार त्याने घातला नव्हता. रोज सकाळी तो बायकोला उचलून अंगणात न्यायचा, आणि कामावर निघण्याआधी परत आत. तो कामावर गेला की तिचा दिवस उंबरठ्याशी संपायचा. तिने उतार मागितला नाही. सिमेंट एकदा बसलं की बसलं, हे तिलाही कळत होतं.

त्या सकाळी दुसऱ्या पायरीवर पुनारामचा पाय सरकला. त्याने कसंबसं सावरलं. तिने त्याच्या गळ्याला मिठी घातली होती.

“पाडू नका जी,” ती म्हणाली. “लोकाईले आता दुसरी गाडी कोणती सांगाल?”

तो हसला आणि तिला घट्ट धरून शेवटची पायरी उतरला. “पुढच्या रोवणीले तूच उतरशील या पायऱ्या.”

अंगणात जमुनाबाईंनी सूप खाली ठेवलं.

“पुना, तिचे पाय नाही येत आता. तुले माहीत हाये, तिले माहीत हाये, मले बी माहीत हाये. उतार बांध.”