दीड पाऊल उजवीकडे

सकाळपासून कुलूप घरातल्या प्रत्येक दारात उभा राहून आला होता. स्वयंपाकघराच्या, न्हाणीघराच्या, बाहेरच्या. दारात मधोमध उभं राहायचं, दोन्ही हात पसरून चौकटीला बोटं टेकवायची, गुडघे जरा वाकवायचे आणि कुणीतरी "सरक" म्हणेपर्यंत तसंच थांबायचं. घरात "सरक" म्हणणारं माणूस एकच होतं, आणि त्याला कामावर जायला उशीर होत होता.

"सरक," बायको म्हणाली. "डबा आत राहिलाय."

तो सरकला. डबा घेऊन ती परत आली तेव्हा तो पुन्हा दारात.

"मला अडवून काय उपयोग? मैदानावर अडव की कुणाला तरी."

"आज मी खेळत नाहीये. बाकावर आहे."

"माहितीये. म्हणून तर बोलले. खेळत असतास तर बोलले असते का?"

कुलूप हे नाव त्याला प्रेक्षकांनी ठेवलं होतं. अकरा वर्षं तो या क्लबचा गोलकीपर होता, आणि त्यातली दहा वर्षं गोलाला खरोखरच कुलूप होतं. या मोसमात मात्र घरच्या सहा सामन्यांत त्याने सात गोल खाल्ले, सातही एकाच जागी, त्याच्या उजव्या हाताच्या खांबाला घासून. तिसऱ्या गोलानंतर गॅलरीतून कुणीतरी ओरडलं, "अरे, किल्ली कुणाकडे आहे?" पाचव्यानंतर सगळ्या गॅलरीनेच विचारलं, तेही चालीवर.

गंमत म्हणजे परक्या मैदानांवर तो झकास खेळत होता. सरावाचं मैदान वेगळं होतं, तिथेही एक चेंडू आत जात नव्हता. दुखणं फक्त घरच्या मैदानावरचं होतं.

क्लबने इलाजात कसूर केली नाही. आधी डोळे. ते बायकोनेच तपासले, कारण ती चष्म्याच्या दुकानात कामाला होती. भिंतीवरच्या तक्त्याची शेवटची ओळ त्याने वाचली आणि त्याखालचा छापखान्याचा पत्ताही वाचला. मग क्लबच्या लॅपटॉपवाल्याने पडद्यावर सात लाल ठिपके दाखवले. ते सगळे एकावर एक होते, त्यामुळे एकच दिसला. "ट्रेंड स्पष्ट आहे," तो म्हणाला, आणि लॅपटॉप मिटला. मग मनाचे डॉक्टर आले. त्यांनी त्याला सतरंजीवर निजवून नाकाने श्वास घ्यायला लावला आणि निष्कर्ष काढला, की घरच्या प्रेक्षकांचं दडपण आहे.

"घरचं दडपण?" बायकोने विचारलं होतं. "मी काय केलं आता?"

एकट्या आईने वेगळं निदान केलं. दुसऱ्या गावी टीव्हीवर सामने बघणारी आई फुटबॉलमधलं काही जाणत नव्हती. ऑफसाइडला ती अजूनही "ते झेंडेवाल्याचं" म्हणे. चौथ्या गोलानंतर तिचा फोन आला.

"काय रे, तू मधोमध का उभा राहत नाहीस?"

"आई, मी बावीस वर्षं हेच करतोय."

"ते खरं. पण एका बाजूला उभा दिसतोस."

"टीव्हीचा कॅमेरा तिरका असतो गं."

"असेल बाई," आई म्हणाली. तिने नंतर विषय काढला नाही.

आणि गेल्या मंगळवारी सरांनी, म्हणजे मुख्य प्रशिक्षकांनी, दोन्ही गोलकीपरांना खोलीत बोलावून सांगितलं, की पुढच्या वर्षी क्लब दोघांतला एकच ठेवणार. रविवारचा शेवटचा सामना राखीव गोलकीपर खेळेल. तो कसा खेळतो ते बघून ठरवू.

राखीव हा अठ्ठावीस वर्षांचा, उंच, आज्ञाधारक माणूस पाच वर्षं बाकावर बसून होता. त्याला सामने मिळाले होते हाताच्या बोटांवर मोजण्याइतके, तेही सगळे परगावी. कुलूप सदतिशीला टेकलेला. या वयात सुटलेल्या गोलकीपरला दुसरा क्लब घेत नाही. गोल अडवण्याखेरीज त्याला काही येतही नव्हतं. एकदा मेव्हण्याच्या दुकानात बसून बघितलं, तर गिऱ्हाइकाने पुढे केलेली प्रत्येक वस्तू त्याने दोन्ही हातांनी झेलली होती.

सामना दुपारी सुरू झाला. बाकावर बसणं ही एक कला आहे आणि ती राखीवला अवगत होती. कुलपाला नव्हती. पहिल्या पाच मिनिटांत त्याने बुटांच्या नाड्या तीनदा सोडून बांधल्या. मग शेजाऱ्याच्या बांधायला घेतल्या.

"दादा, माझ्या बऱ्या आहेत," शेजारचा म्हणाला.

नवव्या मिनिटाला गोल झाला. उजव्या खांबाला घासून. राखीव झेपावला, पण चेंडू बोटांपासून हातभर लांबून गेला. गॅलरीने हा गोल आधी सात वेळा पाहिला होता, फक्त माणूस वेगळा होता.

कुलूप बाकावरून अर्धवट उठला. ते दुःखाने नव्हतं, हे त्याला कळलं आणि त्याची त्याला लाज वाटली.

"सर, अंग मोकळं करून येतो."

"जा बाबा," सर म्हणाले. "बाक हलतंय सगळं."

बदली खेळाडू अंग मोकळं करायला गोलाच्या मागच्या पट्टीत पळतात. कुलूप तिथे आजवर कधी गेला नव्हता. अकरा वर्षांत तो गोलाच्या या बाजूला कशाला येईल? दोन फेऱ्या मारून तो जाळीमागे थांबला आणि पाय ताणता ताणता त्याने समोर पाहिलं.

राखीव मधोमध उभा नव्हता. जाळीच्या मधल्या शिवणीपासून तो चांगला दीड पाऊल डावीकडे होता. उजवीकडे एवढी जागा मोकळी होती की तिथून हातगाडी गेली असती. आणि एवढं होऊनही त्याची मान ताठ होती, नजर समोर, चेहऱ्यावर गाढ विश्वास.

हा विश्वास कुठून आला ते कुलपाला ठाऊक होतं. त्यानेच दिला होता.

दोन वर्षांपूर्वी, सरावानंतर, मोठ्या मनाने त्याने राखीवला आपलं गुपित सांगितलं होतं. "गोलकीपरने मागे वळून खांब बघायचा नाही. वळला की समोरच्याला कळतं, याला आपलं घर सापडत नाहीये. परक्या मैदानावर नाइलाज असतो, तिथे बघ. पण घरच्या मैदानावर समोरच्या गॅलरीत ते पांढरं घड्याळ आहे ना? पेनल्टीचा ठिपका आणि घड्याळ एका रेषेत आलं, की तू मधोमध. दुसऱ्या टोकाच्या गोलातून समोर विजेचा खांब दिसतो, तिथे तो धरायचा. मी इतकी वर्षं मागे वळलेलो नाही."

कुलपाने हळूहळू मान वर केली. पेनल्टीचा ठिपका. त्याच्या रेषेत घड्याळ. सगळं बरोबर. फक्त घड्याळ गॅलरीच्या मधोमध नव्हतं. मधोमध एक अवाढव्य फलक होता. त्यावर एक बाई गादीवर झोपली होती आणि खाली लिहिलं होतं, 'निवांत झोपा.' गादीची कंपनी यंदा क्लबची पुरस्कर्ती झाली होती. तिच्या बाईला झोपायला जागा हवी, म्हणून सुट्टीच्या महिन्यात गॅलरी रंगवताना कुणीतरी घड्याळ दहा-बारा पावलं उजवीकडे सरकवलं होतं. तिथे ते दहा-बारा पावलं हललं, आणि इथे गोलकीपर दीड पाऊल डावीकडे.

रंग त्याने पाहिला होता. बाईही पाहिली होती. पण घड्याळ सरकेल हे कुणाच्या मनात येतं? काटे सरकतात.

त्याला एकदम हसू आलं. मग ते गेलं. म्हणजे डोळे ठीक होते. हात ठीक होते. वयही ठीकच होतं. सतरंजीवर घेतलेले सगळे श्वास फुकट गेले होते.

एवढ्यात एक फटका उजव्या खांबावर आदळून बाहेर गेला. गॅलरीत कुणीतरी सुरुवात केली, "कु-लूप! कु-लूप!" आणि बघता बघता सगळ्या बाजूंनी तेच. मोसमभर किल्ली मागणारी माणसं आता कुलूप मागत होती. सरांनी बाकाजवळून त्याच्याकडे पाहिलं, दोन बोटं हवेत गोल फिरवली. तयार राहा, हाफटाइमला तू.

आता काही करायचंच नव्हतं. हाफटाइमनंतर बाजू बदलतील. त्या टोकाहून समोर दिसणारा विजेचा खांब जागेवर आहे, त्या गोलात यंदा एकही गोल गेलेला नाही. पंचेचाळीस मिनिटं नीट उभं राहिलं की पुढचं वर्ष त्याचं. घड्याळाचं काय ते सोमवारी बघता येईल. यात कुणाला फसवणं नव्हतं. फक्त गप्प बसायचं होतं, आणि गप्प तर तो होताच.

गप्प बसण्यासाठी त्याने पंधरा बैठका काढल्या. मग कोपऱ्यापर्यंत पळत गेला, परत आला. पुन्हा गेला, पुन्हा आला. झेंडा घेतलेला लाइन्समन म्हणाला, "अहो, किती पळताय? सामन्यापेक्षा जास्त पळालात." तो थांबला, तर पाय थांबेनात.

बत्तिसाव्या मिनिटाला खेळ पलीकडे गेला होता. राखीवने एक हातमोजा काढला आणि आपल्या तळहाताकडे बघितलं. उलटा करून बघितलं, बोटं उघडून मिटून बघितली. दोष तिथेच कुठेतरी सापडेल अशा आशेने.

कुलपाने हे सात वेळा केलं होतं.

"ए!" तो जाळीला तोंड लावून म्हणाला. "दीड पाऊल उजवीकडे हो."

राखीवने मान वळवली नाही. "दादा, मी बरोबर उभा आहे. घड्याळ समोर आहे."

"घड्याळ हललंय."

"काय?"

"घड्याळ हलवलंय! त्या गादीसाठी!"

राखीवने काढलेला हातमोजा पुन्हा चढवला. मग अगदी अदबीने म्हणाला, "दादा, तुम्हाला परत यायचंय हे मला कळतं. पण असं नका करू."

"अरे गाढवा, मला यायचं असतं तर गप्प बसलो असतो ना! मागे वळून खांब बघ!"

"मागे वळायचं नाही, असं तुम्हीच शिकवलंत."

कुलपाने कपाळाला हात लावला. अकरा वर्षांत त्याचं कुणी ऐकलं नव्हतं. बायकोने नाही, बचावफळीने नाही. एका माणसाने एक गोष्ट ऐकली, आणि ती इतकी घट्ट.

पलीकडून चेंडू उंच उडाला. परत इकडे येत होता.

"बरं, वळू नकोस," तो म्हणाला. जाळीच्या मधल्या शिवणीवर तो जाऊन उभा राहिला. "माझा आवाज येतोय? तो पाठीच्या बरोबर मधोमध घे. घड्याळ बघायचंच नाही. मी बोलत राहतो."

"काय बोलणार?"

"काहीही! हं. हं. हं. अजून जरा इकडे. हं. थांब. आता बरोबर. हं."

पुढची दहा मिनिटं अंगाने आडदांड असा एक माणूस गोलामागे उभा राहून दर दोन सेकंदांनी "हं" म्हणत होता. लाइन्समनने विचारलं, बरं वाटतंय ना? कुलूप एक पाय ताणून म्हणाला, "व्यायाम आहे. श्वासाचा. हं."

बेचाळिसाव्या मिनिटाला समोरच्या संघाच्या पुढच्या फळीतल्याने उजव्या खांबाकडे तसाच फटका मारला, जसा मारायची आता सगळ्या लीगला सवय झाली होती. राखीवला झेप घ्यावी लागली नाही. त्याने नुसतं वाकून चेंडू उचलला, बागेत पडलेलं लिंबू उचलावं तसा. फटका मारणारा डोक्याला हात लावून उभा राहिला, आणि राखीव मात्र पहिल्यांदा मागे वळला.

हाफटाइमला सर म्हणाले, "चल, हातमोजे चढव."

"नको सर. तो नीट उभा राहतोय आता."

सरांनी त्याच्याकडे बघितलं. "तुला कळतंय का तू काय बोलतोयस?"

"हं," कुलूप म्हणाला. सवयीने.

सामना एक-एक असा बरोबरीत सुटला. चौथ्या दिवशी पत्र आलं. राखीवला दोन वर्षांचा करार. सेक्रेटरींनी वर्तमानपत्रात सांगितलं, की खेळाडूच्या मानसिक तयारीवर क्लबने केलेल्या कामाचं हे फळ आहे. कुलपाने घड्याळाचं सरांना सांगून पाहिलं होतं. सर म्हणाले, "म्हणजे दहा वर्षं गोल ते घड्याळ अडवत होतं?" राखीवने मात्र दोनदा फोन केला आणि दोन्ही वेळा बोलायचं सोडून "दादा, दादा" एवढंच म्हणत राहिला.

निरोपाची भेट म्हणून क्लबने पुरस्कर्त्यांतर्फे एक गादी पाठवली. डबलबेडची, प्लॅस्टिकमधली. ती बाहेरच्या खोलीत भिंतीला उभी होती. बायकोने ती आडवी केली, तेव्हा तो तिच्या कडेवर बसला, उठला, पुन्हा बसला. प्लॅस्टिक करकरलं.

"एका जागी बस," बायको म्हणाली.

फोन वाजला. आई होती.

"रविवारी तुझ्या जागी दुसरा मुलगा होता ना रे? आधी तोही तुझ्यासारखाच उभा होता. नंतर मात्र कसा छान मधोमध उभा राहिला."

"हो."

"कुणीतरी सांगितलं असेल त्याला."

"सांगितलं."

"मग तुला कुणी सांगितलं नाही?"

तो उठून दारापर्यंत गेला. चौकटीत उभा राहिला. आधी डावीकडे बघितलं, मग मान पूर्ण वळवून उजवीकडे.

"सांगितलं होतं," तो म्हणाला. "तू."



"मग रे?"

"कॅमेरा तिरका असतो गं," तो म्हणाला, आणि चौकटीत अर्धं पाऊल सरकला.