बत्तीस टोपणं

मित्रांनो, मी सैन्यातली एक जुनी पाण्याची बाटली आहे. विरलेलं लोकरी आवरण आणि साखळीला बांधलेलं मोठं टोपण, एवढाच माझा थाट. कारखान्यात पत्रा ठोकून शेकडो जणींना घडवलं, पण आघाडीवर जायचं भाग्य मला लाभलं. माझे मालक आता आजोबा झाले आहेत. पाहुणे आले की ते मला कपाटावरून खाली काढत आणि तिथली गोष्ट सांगत.

डोंगरावरच्या एका चौकीत आम्ही अडकलो होतो. खालची वाट तोफांच्या माऱ्याने बंद झालेली. माणसं पाच आणि पाणी माझ्या पोटात होतं तेवढंच. आजोबा तुकडीचे प्रमुख. त्यांनी ठरवलं, माणशी दिवसाला चार टोपणं. ते स्वतः ओतून द्यायचे. पाचवा होता स्वयंपाकी. त्याला सगळ्यांच्या मागून जेवायची सवय. तो म्हणे, "तुमचं होऊ द्या, माझं मी घेतो." मग पाठ फिरवून मिटक्या मारी, "वा! काय गार आहे!" तिसऱ्या दिवशी सकाळी मदत पोचली, तेव्हा माझ्यात थेंबही उरला नव्हता.

खरं काय ते मला ठाऊक होतं. पण मी पडले बाटली, सांगणार कशी?

गोष्ट सांगताना आजोबांची छाती फुगे. "कुणालाच कमी पडू दिलं नाही. आमच्या ढेरपोट्यालासुद्धा सगळ्यांइतकंच!" ढेरपोट्या म्हणजे तो स्वयंपाकी. सगळे हसत आणि मला फार वाईट वाटे.

एके दिवशी नातीने मला खाली घेतलं. पाच बाहुल्या ओळीने बसवून ती पाणी वाटू लागली. मधेच ओरडली, "आजोबा, ही बाटली लबाड आहे! पाच जणांना दोन दिवस चार-चार, म्हणजे चाळीस टोपणं लागतात ना? ही बत्तिसातच संपली."

"मोजायला चुकली असशील."

आजोबांनी स्वतः मोजलं. बत्तीस. पुन्हा भरून मोजलं. बत्तीसच. आठ टोपणं कमी, म्हणजे बरोबर एका माणसाची दोन दिवसांची. ते ओल्या फरशीवर तसेच बसून राहिले. मग उठून त्यांनी फोन लावला.

"ढेरपोट्या, तू तेव्हा प्यायलाच नव्हतास ना?"

"तहान नव्हती साहेब."

"दोन दिवस?"

"बरं, होती. पण चाळीस निघणार नाहीत हे मला बाटली भरतानाच कळलं होतं. पातेली उचलण्यात जन्म गेलाय माझा. पहारा तुम्हा चौघांना द्यायचा होता. माझी तर चूलही बंद होती."

"उद्या घरी ये," आजोबा म्हणाले. हुकूम पहिल्यासारखाच होता.

दुसऱ्या दिवशी तो काठी टेकत आला. ढेरी जशीच्या तशी! आजोबांनी त्याला बसही म्हटलं नाही. आधी टोपण भरून पुढे केलं. नात मोजत होती. आठवं टोपण संपवून त्याने मिटक्या मारल्या, या वेळी खऱ्याखुऱ्या. दोघे म्हातारे हसता हसता डोळे पुसू लागले. इतकी सुखी मी कारखान्यातून निघाल्यापासून कधी झाले नव्हते.

मित्रांनो, घरातल्या जुन्या वस्तू नुसत्या पुसून ठेवू नका. त्या हाताळा, वापरा, त्यांच्याबद्दल मोठ्यांना खोदून खोदून विचारा. आमच्या पोटात बरंच काही राहून गेलेलं असतं.

आता मी जेवणाच्या टेबलावर असते, काठोकाठ भरलेली. ढेरपोट्या आला की पहिलं टोपण त्याचं, आणि ते आजोबा स्वतः ओतून, समोर उभे राहून पाजतात.