मंजुळाबाईचा गोड शेवट

वाचून दाखवायचा मला कंटाळा आहे, हे मी अमडापुरात कधीच कोणाला पटवू शकले नाही. मास्तरीण आहे, चष्मा आहे, मूलबाळ नाही, नवरा जाऊन बारा वर्षं झाली. मग हिला दुपारी दुसरं काम काय, असं गावाचं सरळ गणित. चातुर्मासातली पोथी दरवर्षी माझ्याच गळ्यात पडायची. सकाळी चाळीस मुलींना अक्षरं घोटायला लावायची आणि दुपारी त्यांच्या आयांना ओव्या ऐकवायच्या. घसा तोच आणि माणूसही तेच.

त्रेसष्ट सालच्या उन्हाळ्यात त्यात भर पडली. नव्या जिल्हा परिषदेकडून शाळेला पुस्तकांची पेटी आली होती. चौथीपर्यंतच्या मुलींना झेपेल असं तीत फारसं काही नव्हतं, पण एक जाडजूड ऐतिहासिक कादंबरी होती. म्हटलं, आपल्यासाठी नेऊ, दुपारी आडवं पडून वाचू. मी राहायची भगवंतरावांच्या माडीवरच्या खोलीत. त्यांचा धान्याचा व्यापार होता आणि घर मोठं. जिन्याशीच त्यांच्या बायकोनं, सोजराबाईंनी, माझ्या हातातलं पुस्तक पाहिलं.

"बाई, हे कोन्ती पोथी होय?"

"पोथी नाही हो. जुन्या काळच्या सरदार घराण्यातली गोष्ट आहे."

"मंग वाचा ना. आमी बी आयकतो."

झालं! तिसऱ्या दिवशी ओसरीवर पंधरा बायका होत्या. कादंबरी चौरंगावर, तिच्यापुढे उदबत्ती, आणि पुठ्ठ्यावर ठसठशीत कुंकू. मी म्हटलं, अहो, सरकारी पुस्तक आहे, साहेब तपासायला आले तर काय सांगू? त्यावर शेजारची गोजरबाई म्हणाली, "लागू द्या बाई. सरकारचं बी भलं होईन." या बाईपुढे कोणाचं कधी चाललं नाही.

गोष्ट अशी होती. साध्या घरची मंजुळाबाई एका बड्या सरदाराला दिली जाते. लग्नात हत्ती, नौबत, पंचवीस गावांची जेवणं. आणि आत गेल्यावर कळतं की बडा घर पोकळ वासा. सरदाराचं मन दुसरीकडे, सासूच्या कमरेला किल्ल्या, आणि मंजुळा मागच्या खोलीत अंगभर दागिने घालून बसलेली. ती दोनदा माहेरी पळून येते आणि दोनदा बाप तिला समजूत घालून परत पाठवतो.

बायकांनी ते सगळं खरंच धरलं. बनाबाईला जेवणावळीची पानं पुन्हा पुन्हा ऐकायची असायची. "एवढं सोनं हाय अंगावर, मंग रडून काऊन राह्यली ते?" असं ती रोज विचारायची आणि रोज चार जणी तिच्या अंगावर धावून जायच्या. गोजरबाईला पुस्तकातल्या सासूचा इतका राग आला, की ती दोन दिवस स्वतःच्या सासूशी बोलली नाही. ती बिचारी म्हातारी माझ्याकडे येऊन विचारून गेली, की बाई, माझं काय चुकलं. मी काय सांगणार, कपाळ!

शाळेत झाडलोट करणारी भिमाबाईही यायची. ती बौद्धवाड्यातली. पहिल्या दिवशी ती पायरीवरच टेकली. मी तिला वर बोलावलं तेव्हा सोजराबाईंच्या कपाळाला आठी पडली, पण पुस्तक माझ्या हातात होतं आणि गोष्ट मध्यावर आली होती, म्हणून आठी आठीच राहिली. भिमाबाई कधी रडली नाही. बापानं मंजुळेला दुसऱ्यांदा पालखीत घातलं तेव्हा मात्र ती म्हणाली, "मंग सासू कायले मारते तिले? बापच मारून राह्यला."

सोजराबाई पाणी आणायच्या निमित्तानं आत निघून गेल्या.

त्या का गेल्या हे सगळ्यांना ठाऊक होतं. त्यांची धाकटी, अन्नपूर्णा, खांबाला पाठ लावून तिथेच बसली होती. तीन वर्षांपूर्वी तिला जळगाव जामोदला दिली. घर असं की दारात जीप, घरात रेडिओ, दोनशे एकर कपाशी. आमच्या गावानं त्या लग्नाचं कौतुक वर्षभर पुरवून खाल्लं. नवऱ्याची एक बाई खामगावला होती. तीन वर्षांत तो हिच्याशी किती बोलला असेल, तर वाढ, उचल आणि दिवा मालव, एवढंच. दिवाळीला पोर माहेरी आली ती परत गेलीच नाही. घरात तिला कोणी टाकून बोलत नव्हतं, पण कोणी काही विचारतही नव्हतं. ज्याचं जळतं त्यालाच कळतं. ती रोज सर्वांआधी येऊन बसायची आणि वाचन संपल्यावर शेवटी उठायची. माझ्याच हाताखाली चौथी शिकलेली होती. पुस्तक मागून स्वतः वाचू शकली असती. पण तिला सगळ्यांत बसून ऐकायचं होतं.

आता एक रीत सांगायला हवी. आमच्याकडे पोथी वाचताना वाईट जागी मिटत नाहीत. वनवास आला, मरण आलं, की त्या दिवशीचं वाचन तिथे थांबवायचं नाही. पुढच्या अध्यायातल्या चार-पाच ओव्या वाचून, जरा बरं काही कानावर घालून, मगच पोथी बांधायची. नाहीतर ते अशुभ ऐकणाऱ्याच्या घरी जातं. बायकांनी ही रीत कादंबरीलाही लावली. मंजुळा रडते आहे अशा जागी प्रकरण संपलं, की मी पुढचं पान उलटून सूर्योदयाचं वर्णन वाचायची. सुदैवानं त्या लेखकाला सूर्योदयाची फार हौस होती.

अडचण शेवटच्या प्रकरणाची होती. ते मी आधीच वाचलं होतं. मंजुळाबाई मागच्या खोलीत तापानं मरते. सरदार शिकारीहून येतो तेव्हा तिसरा दिवस उलटून गेलेला असतो, आणि तो विचारतो, घोड्यांना दाणा घातला का. तिथे पुस्तक संपतं. त्याच्यापुढे पानच नव्हतं.

बुधवारी मी शाळेतून आले तर सोजराबाई जिन्यात उभ्या. हातात पत्र होतं.

"बाई, उद्या समाप्ती ना?"

"हो. सुटले एकदाची."

"पोरीच्या सासऱ्याचं पत्र आलं. परवा न्याले येऊन राह्यले. तिच्या बापानं हाव म्हणून कळवलं बी." मग माझा हात धरून म्हणाल्या, "तिनं अजून होय म्हटलं नाई का नाई म्हटलं नाई. तुमच्या त्या मंजुळेकडं डोये लावून बसली हाय. बाई, शेवट गोड करजा. वाईट असन तर बदलून टाकजा."

मी म्हणायला हवं होतं, की सोजराबाई, पोरीला विचारा, पुस्तकाला कशाला विचारता. ते शब्द तोंडात आलेही होते. पण उन्हातून आले होते, डोकं ठणकत होतं, आणि या घरात माझं बोलणं सोजराबाई मानतात खरं, पण त्यांच्याशी वाद घालायचा म्हणजे तो संध्याकाळपर्यंत चालणार. मी म्हटलं, बघते. वर जाऊन झोपले. रीतच आहे गोड करायची, त्यात माझं काय जातं, असं स्वतःला समजावलं आणि मला झोप लागलीसुद्धा.

गुरुवारी ओसरीवर पाय ठेवायला जागा नव्हती. नारळ, पेढे, हार. मी तापापर्यंत पुस्तकातलं वाचलं. तिथून पुढे नजर पानावर ठेवली आणि तोंडानं रचत गेले. सरदार शिकार अर्धी टाकून धावत आला. मागच्या खोलीचं दार त्यानं स्वतः उघडलं. मंजुळेचा हात हातात घेऊन रडला. सासूनं कमरेच्या किल्ल्या काढून सुनेच्या पदरात टाकल्या. मग पालखी निघाली ती पुढच्या दारानं, नौबतीसकट. मी मरगळलेल्या आवाजात रचत होते, आणि बायका हुंदके देत होत्या. बनाबाई म्हणाली, "मी म्हणत होती ना!" गोजरबाईनं नारळ फोडला. भिमाबाईनं हातातला पेढा तसाच ठेवला आणि खराटा उचलून ती चालू लागली.

सगळ्या गेल्यावर अन्नपूर्णा जवळ आली. कितीतरी दिवसांनी ती माझ्याशी आपण होऊन बोलत होती.

"बाई, पुस्तकात असंच हाय ना?"

सोजराबाई आतल्या दारात उभ्या होत्या. मी पुस्तकाला फडकं गुंडाळत होते.

"हो," मी म्हटलं.

तिनं माझ्याकडे जरा वेळ पाहिलं. मग म्हणाली, "बरं." शुक्रवारी जीप काही आली नाही; सासरच्या माणसाबरोबर ती जळगावला जायला खामगावच्या बसमध्ये बसली. सोजराबाईंनी त्या दिवशी मला पुरणपोळी वर आणून दिली आणि मी ती खाल्ली.

भाऊबीजेला अन्नपूर्णा आली. अंगावर सोनं वाढलं होतं आणि मनगटं निम्मी झाली होती. जायच्या दिवशी नवरा न्यायला आला, तेव्हा ती माडीवर आली, दार लोटलं आणि म्हणाली, "ते पुस्तक हाय काय अजून?"

मी ट्रंकेतून काढून दिलं. ती खिडकीशी बसून शेवटचं प्रकरण वाचू लागली, ओळीखाली बोट ठेवून, मी शिकवलं होतं तशी. घोड्यांच्या दाण्यापर्यंत वाचलं. चेहऱ्यावर काही हललं नाही.

मला राहवेना. "अन्नपूर्णा, मी खोटं वाचलं त्या दिवशी. चुकलं माझं. मला फार वाईट वाटतं गं."

"मालूम हाय."

"कधी कळलं तुला?"

"त्याच दिवशी. अर्धा घंटा वाचत होत्या तुमी, आन् पान एक बी उलटलं नाई."

मी खाली बसले. "मग इथे राहा आता. मी बोलते तुझ्या आईशी. आत्ता बोलते."

"पाचवा महिना लागला बाई मले. आता कोन ठेवते?"

"पण खोटं आहे हे कळत होतं, तर गेलीस कशाला?"

तिनं पुस्तक मिटून माझ्या मांडीवर ठेवलं. "म्हून तर इचारलं होतं ना तुमाले. आईचं, बाबाचं तर ठरूनच गेलं होतं. या घरात आई आयकते ते तुमचंच. म्हटलं, एक डाव बाई 'नाई' म्हणतीन, मंग माह्या बी तोंडातून 'नाई' निंगन." ती उठून पदर सारखा करू लागली. "तुमी हाव म्हणाल्या. मंग मी गेली."

खालून सोजराबाईंनी बसची वेळ झाल्याची हाक मारली. अन्नपूर्णा जिना उतरली. मी मागोमाग धावले, अर्ध्या जिन्यात कठडा धरून उभी राहिले आणि सगळं बळ एकवटून ओरडले, "सोजराबाई, तिला पाठवू नका!"

अंगणातली माणसं थबकली. जावई पिशवी खाली ठेवून वर बघू लागला. सोजराबाईंनी माझ्याकडे पाहिलं, मग पोरीकडे.

"काही नाई माय," अन्नपूर्णा हसून म्हणाली, "बाईले करमणार नाई माह्यावाचून, म्हणून म्हणून राह्यल्या." आणि नवऱ्याच्या मागे ती रस्त्याला लागली.